आवक क्रमांक सहाशे चौदा

बाकावर बसल्यापासून भागुबाईचे ओठ सारखे हलत होते. भिमाजीला वाटलं, म्हातारी मनातल्या मनात वंदना म्हणत असेल. म्हणू दे बापडी. त्याचं सगळं लक्ष समोरच्या हिरव्या दाराकडे होतं. नाशिकच्या सरकारी दवाखान्यात दर बुधवारी त्या दाराआड वैद्यकीय मंडळ बसायचं आणि आज त्याच्या आईचा नंबर होता.

तिनं चौदा एप्रिलला नेसायचं पांढरं लुगडं नेसलं होतं. केसांना तेल लावून चापूनचोपून अंबाडा घातला होता. पायांत चपला होत्या आणि त्या दोन्ही एकाच जोडातल्या होत्या. गेल्याच महिन्यात ती एका पायात स्वतःची आणि दुसऱ्या पायात शेजारणीची चप्पल घालून थेट रविवार कारंजापर्यंत चालत गेली होती. नेमकं आजच हिला एवढं नीटनेटकं कसं सुचलं, असं भिमाजीच्या मनात आलं आणि असं मनात आलं म्हणून त्याला स्वतःचीच लाज वाटली. आई व्यवस्थित दिसते म्हणून धास्तावलेला मुलगा त्या दवाखान्यात तो एकटाच असावा.

"आत किती जण असत्यात रं?" तिनं विचारलं.

"तिघं."

"तिघंबी इचारत्यात?"

"एकच विचारतो. घाबरू नको."

"मी कशाला घाबरू," भागुबाई म्हणाली. "तूच घाबरू नको." आणि तिचे ओठ पुन्हा हलायला लागले.

भिमाजी दोंदे सुरगाण्याच्या एका सरकारी कचेरीत आवक-जावक कारकून होता. आलेल्या कागदावर शिक्का मारायचा, नंबर द्यायचा, वहीत उतरवायचा, ज्या टेबलाचा असेल त्या टेबलाला धाडायचा आणि आणणाऱ्याला पोच द्यायची, एवढंच त्याचं काम. चौऱ्याहत्तर साली नेमणुकीचा हुकूम हातात ठेवताना नाशिकचे साहेब म्हणाले होते, डोंगरी भाग आहे, तीन वर्षं काढा, मग विनंती अर्ज करा, नाशिकला आणू. सरकारी काम आणि सहा महिने थांब, ही म्हण ज्यानं काढली तो नशीबवान असला पाहिजे. त्याचं सहा महिन्यांत झालं असणार. भिमाजीला सुरगाण्यात आता सात वर्षं होत आली होती.

तीन वर्षं भरली तेव्हा त्यानं पहिला अर्ज केला. मोठ्या उमेदीनं सरळ नाशिकला वरिष्ठ कचेरीकडे धाडला. तो परत आला, अर्ज योग्य मार्गाने सादर करावा म्हणून. पुढच्या वर्षी त्यानं तो योग्य मार्गाने, म्हणजे सुरगाण्याच्याच साहेबांमार्फत दिला. साहेबांच्या टेबलावर तो अर्ज पेपरवेटखाली दीड महिना निजला आणि मग उत्तर आलं, मुदतीनंतर प्राप्त झाल्याने विचार करता येत नाही. तिसऱ्या वर्षी पद रिक्त नव्हतं. चौथ्या वर्षी त्याच्या विनंतीची नोंद घेण्यात आली होती. नोंद घेण्यात आली म्हणजे काय झालं, हे आवक-जावकच्या माणसाला कुणी वेगळं सांगायला नको.

थट्टा अशी की ही सगळी उत्तरं त्याच्याच टेबलावर यायची. टपाल फोडायचं, 'विषय: श्री. भि. ल. दोंदे यांची विनंती बदली' असं वाचायचं, त्यावर तारखेचा शिक्का मारायचा, वहीत नंबर टाकायचा आणि मग त्याच वहीत पुढच्या रकान्यात कागद मिळाल्याची स्वतःचीच सही करायची. स्वतःचा नकार स्वतःच आवक करून घ्यायची पाळी सरकारनं फार थोड्यांवर आणली असेल.

एकदा चिडून त्यानं त्र्यंबक नाक्याजवळच्या एका वकिलाला गाठलं होतं. माणूस भला होता. सगळे कागद त्यानं शांतपणे वाचले आणि सांगितलं की कोर्टाच्या नादी लागू नका. बदली हा नोकरीचाच भाग आहे, कुणाला कुठं ठेवायचं ते सरकार ठरवतं. आकसानं बदली केली असं दाखवता आलं तर न्यायाधीश ऐकून तरी घेतात. "पण बदली केली नाही म्हणून गेलात, तर ते पहिल्यांदा विचारतील की तुमचा हक्क कुठला? तुम्ही विनंती केलीत, दोंदे. विनंती ऐकायची असते, मान्य करायलाच हवी असं नसतं."

आणि विनंती तरी काय मोठी होती? त्याला बढती नको होती, चांगलं टेबल नको होतं. नाशिकला बुद्धविहारामागच्या वसाहतीत दोन खोल्या होत्या आणि त्या दोन खोल्यांत त्याची आई एकटी होती. बाप लहानपणीच गेलेला. बायको लग्नानंतर दोन वर्षांत काविळीनं गेली, मूलबाळ नव्हतं आणि दुसऱ्या लग्नाचं भिमाजीनं मनावर घेतलं नाही. म्हणजे माणूस म्हणून या जगात आईला तो आणि त्याला आई.

भागुबाईनं तीस वर्षं गंगापूर रोडच्या मळ्यांमध्ये मजुरी केली होती. भाजी खुडली, झेंडू तोडला, शेवंतीच्या पाट्या डोक्यावर घेऊन पहाटे बाजारात पोचवल्या. स्वतः अक्षराला महाग, पण भिमाजीच्या प्रत्येक परीक्षेच्या दिवशी ती मळ्यात खाडा करायची आणि शाळेच्या फाटकाबाहेर पेपर सुटेपर्यंत उन्हात उभी राहायची. आत मुलगा लिहितोय तोवर आपण सावलीत बसायचं नाही, हा तिचा तिनंच केलेला नियम होता. दारिद्र्यातून बाहेर पडायचा एकच दरवाजा असतो आणि त्यावर परीक्षा असं लिहिलेलं असतं, हे तिला वाचता येत नव्हतं तरी पाठ होतं.

दोनेक वर्षांपूर्वी तिचं विसरणं सुरू झालं. आधी मीठ विसरली, मग चुलीवरचं दूध, मग चूलच. एकदा स्टोव्ह पेटता ठेवून ती विहारात जाऊन बसली. शेजारच्या मालनबाईला धूर दिसला म्हणून बरं, नाहीतर वसाहतीतली ती ओळच गेली असती. आणि महिन्यातून दोनतीनदा ती पाटी घेऊन कामावर निघायची. ज्या मळ्यात तिची हयात गेली होती तो केव्हाच विकला गेला होता आणि तिथे बंगले उभे राहिले होते. भागुबाई एका बंगल्याच्या फाटकाशी जाऊन बसायची आणि मळ्याच्या मालकिणीला हाका मारायची. बंगल्यातली माणसं चांगली होती, पाणी द्यायची. पण रस्त्यावरच्या ट्रका काही चांगल्या-वाईट बघून येत नाहीत. मालनबाईनं एकदा स्पष्टच सांगितलं की भाऊ, मी किती पुरी पडू, मलाही चार पोरं आहेत. तिचंही बरोबर होतं. भिमाजी दर शनिवारी कचेरी सुटली की एस.टी. पकडायचा, वणी-दिंडोरी करत रात्री पोचायचा आणि सोमवारी पहाटे परत निघायचा. मधले पाच दिवस त्याच्या जिवाला घोर असायचा.

यंदा मात्र घोडं गंगेत न्हायची लक्षणं होती. नाशिकला एक जण जूनमध्ये निवृत्त होणार होता. बदल्यांचं टेबल सांभाळणाऱ्या कारकुनानं भिमाजीला बाजूला घेऊन सांगितलं की नुसतं आई आजारी असं लिहून भागत नाही, तसं तर सगळेच लिहितात. वृद्ध आईला सतत सोबतीची गरज आहे, असं वैद्यकीय मंडळाचं सर्टिफिकेट जोडा. मग तुम्ही नियमात बसता आणि नियमात बसलात की साहेबांनाही नाही म्हणता येत नाही. सात वर्षांत पहिल्यांदा कुणीतरी त्याला दार कुठं आहे ते दाखवलं होतं.

सुरगाण्याला परतल्यावर त्यानं ही गोष्ट सहादूला सांगितली. सहादू त्याच्याच कचेरीतला वरिष्ठ कारकून, नांदगावकडचा, आठ वर्षं डोंगरात काढलेला आणि नाशिकवर डोळा ठेवून असलेला. पण मनानं वाईट नव्हता. तो हसला आणि म्हणाला, म्हातारीला आधी शिकवून ने. काही विचारलं की वर आढ्याकडे बघायचं. नाव विचारलं तरी बोलायचं नाही.

"अरे, पण ती खरंच विसरते," भिमाजी म्हणाला. "खोटं कशाला करायचं?"

"खरं असलं म्हणून काय झालं? ते दिसायला पण पाहिजे. तुझ्या आईचं खरं बुधवारी अकरा वाजता दिसलं नाही, तर तू काय करशील?"

भिमाजीला ते पटलं, पण पचलं नाही. मंडळाच्या आधीच्या रविवारी तो आईसमोर जेवायला बसला. तिनं त्याच्या ताटात दोनदा भाजी वाढली आणि स्वतःच्या ताटात एकदाही नाही. सांगावं असं त्यानं चारपाच वेळा ठरवलं. पण ज्या बाईनं त्याला ताठ मानेनं उत्तर द्यायला शिकवलं, तिला तू येड्यागत बसून राहा, हे कुठल्या तोंडानं सांगायचं? शेवटी तो इतकंच म्हणाला, "आई, येत्या बुधवारी दवाखान्यात जायचंय. तिथं डॉक्टर तुला काही प्रश्न विचारतील. त्याच्यावर माझी बदली अवलंबून आहे."

भागुबाईनं हातातला घास खाली ठेवला. "म्हंजी परीक्षा हाय का?"

"तसंच काहीतरी," भिमाजी म्हणाला आणि हात धुवायला उठला. त्याची चूक झाली ती इथंच झाली.

हिरवं दार उघडलं आणि शिपायानं नाव पुकारलं. भागुबाई भिमाजीच्या आधी उठली, पदर सारखा केला आणि आत गेली.

मध्ये बसलेले डॉक्टर वयस्कर, चष्मेवाले, बोलायला मऊ होते. त्यांनी तिला खुर्ची दिली, मावशी म्हणाले. नाव विचारलं. तिनं नाव सांगितलं, नवऱ्याचं नाव सांगितलं, आडनाव सांगितलं. आज वार कोणता? बुधवार. महिना? एप्रिल. साल? तिनं एक क्षण डोळे मिटले आणि एक्क्याऐंशी म्हणाली. भिमाजी तिच्या तोंडाकडे बघतच राहिला. गेल्या शनिवारी तिनं त्यालाच विचारलं होतं, तुझी शाळा कधी सुटली म्हणून.

डॉक्टरांनी पंतप्रधानांचं नाव विचारलं, ते तिनं सांगितलं. राहायचं ठिकाण विचारलं, तर तिनं वसाहत, विहार, चौथी ओळ, निळं दार असा अख्खा पत्ता दिला. विसापासून उलटे आकडे म्हणायला लावले. एकोणीस, अठरा, सतरा करत ती एकपर्यंत आली, कुठं अडखळली नाही, आणि एक म्हटल्यावर तिनं भिमाजीकडे बघितलं. ते बघणं त्याला ओळखीचं होतं. पेपर देऊन फाटकातून बाहेर येताना तो तिच्याकडे असाच बघायचा.

"मुलगा काय करतो, मावशी?"

"भिमाजी लक्ष्मण दोंदे. आवक-जावक कारकून. सुरगाणा." ती खुर्चीत आणखी ताठ झाली. "अजून काय इचारायचं आसंल तर इचारा, साहेब."

डॉक्टर हसले आणि लिहायला लागले.  भिमाजी पुढे झाला आणि कसाबसा म्हणाला की साहेब, रोज अशी नसते ही. स्टोव्ह पेटता ठेवते, कुठंही निघून जाते, शेजाऱ्यांना विचारा.

डॉक्टरांनी पेन थांबवलं नाही. पण आवाज त्यांनी चढवला नाही, हे सांगायलाच पाहिजे. "दर बुधवारी माझ्यासमोर धडधाकट आईबाप आढ्याकडे बघत बसतात, दोंदे. मुलांनी शिकवून आणलेले असतात. त्यांना मी परत पाठवतो. मग मला जे दिसलं नाही ते तुमच्यासाठी कसं लिहू?"

माणूस खरा होता. खोट्या माणसाशी भांडता येतं, खऱ्याशी भांडायला तोंड नसतं. कागदावर लिहिलं होतं, 'वयोमानानुसार प्रकृती समाधानकारक. स्मृती व आकलन उत्तम. सतत सोबतीची आवश्यकता दिसून येत नाही.' खाली तिघांच्या सह्या आणि गोल शिक्का. एक प्रत परस्पर नाशिकच्या कचेरीला जाणार होती. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. आजवर त्याच्या बाजूनं कागद नव्हता. आता त्याच्याविरुद्ध होता.

बाहेर आल्यावर भागुबाईनं त्याची बाही धरली. "पास झाले का रं मी?"

भिमाजीनं तिच्याकडे बघितलं. ती सत्तरीची बाई दवाखान्याच्या ओसरीत निकालासाठी उभी होती.

"झालीस," तो म्हणाला.

"किती मार्कांनी?"

"पैकीच्या पैकी."

मग तिनं सगळं सांगितलं. मालनबाईच्या सासऱ्याला मागं असंच मंडळापुढं नेलं होतं, तेव्हा काय काय विचारलं ते मालनबाईला ठाऊक होतं. रविवारपासून मालनबाई भाजी निवडताना, दळण निवडताना तिच्याकडून घोकून घेत होती. वार, महिना, साल, उलटे आकडे. भागुबाई रात्रीही पडल्या पडल्या म्हणत होती. लेकाची बदली आपल्या चुकीनं अडायला नको म्हणून तिनं उरलीसुरली सगळी शुद्ध गोळा करून त्या बुधवारसाठी ठेवली होती. भिमाजीला तिच्यावर ओरडावंसं वाटलं, मालनबाईवर ओरडावंसं वाटलं आणि स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावीशी वाटली. यातलं त्यानं काहीच केलं नाही.

पेढे घ्यायचे, असा तिनं हट्ट धरला. तो मॅट्रिक झाला तेव्हा ऐपत नव्हती, गूळ वाटला होता. ते तिच्या मनात इतकी वर्षं राहिलं होतं. मेन रोडवरून त्यानं पावशेर पेढे घेतले आणि घरी येऊन ओळीत वाटले. मालनबाईला सगळ्यात आधी दिले. तिनं आनंदानं भागुबाईचे हात हातात घेतले आणि भिमाजीचा चेहरा बघून सोडून दिले. काय झालं ते तिला कळलं. त्या दिवशी ती पुन्हा त्यांच्या दारात आली नाही.

संध्याकाळी भागुबाईनं पुड्यातला उरलेला पेढा उचलला, उलटासुलटा करून बघितला आणि विचारलं, "कशाचे रं हे? कुणाकडं काय झालं?"

जूनमध्ये उत्तर आलं. भिमाजीनं ते फोडलं, शिक्का मारला, नंबर टाकला. वैद्यकीय मंडळाच्या अहवालानुसार आपली विनंती नियमात बसत नाही, सबब प्रकरण दफ्तरी दाखल करण्यात आले आहे, कळावे. त्याच टपालात सहादूच्या नाशिकच्या बदलीचा हुकूम होता. कमरेच्या दुखण्याचं त्यानं कुठून कुठून जमवलेलं सर्टिफिकेट नियमात बसलं होतं. निरोपाच्या दिवशी सहादू भिमाजीच्या टेबलापाशी आला. मग म्हणाला, "तुझी जागा घेतली असं मनात आणू नको." भिमाजी म्हणाला, माझी जागा इथंच आहे, ती कुणी घेत नाही. आणि त्याच्या मुक्त होण्याच्या कागदाला जावक नंबर देऊन त्यानं तो मोकळा केला.

त्यानंतर एकच मार्ग उरला होता. दिवाळीच्या आत तो आईला सुरगाण्याला घेऊन आला. नाशिकला निदान माणसं तिला ओळखत होती, भरकटली तर हाताला धरून आणून सोडत होती. इथं तिला ना वाट माहीत, ना बोली कळत. कचेरीच्या मागं एका खोलीत त्यानं बिऱ्हाड केलं. सकाळी तिला जेवू घालायचं, स्टोव्ह कपाटात ठेवायचा, कपाटाला कुलूप लावायचं आणि मग बाहेरून दाराला कडी घालायची. पहिल्या दिवशी ती कडी घालताना त्याचा हात थांबला. नंतर सवय झाली. कशाकशाची सवय होते माणसाला, हे बघितलं की माणूस या जातीविषयीच मन विटतं.

तिनं नाशिकहून दोनच गोष्टी स्वतःच्या हातानं आणल्या होत्या. एक फुलांची पाटी आणि दुसरा तो मंडळाचा कागद. कागदाची चौकोनी घडी करून ती पोलक्यात ठेवायची. भेटेल त्याला काढून दाखवायची. कचेरीतला शिपाई मंगळू तिच्याकडे पाणी भरायला जायचा, त्यानं तो कागद शंभरदा तरी बघितला असेल. त्याला वाचता येत नव्हतं, तरी तो दर वेळी दोन्ही हातांनी घ्यायचा, बघायचा आणि दोन्ही हातांनी परत द्यायचा. भिमाजीला वाटायचं, त्या कागदाचा मान राखणारा सगळ्या सरकारात हा एकच माणूस आहे.

हळूहळू आकडे गेले, वार गेले, विहार गेला. त्र्याऐंशीच्या मार्चमध्ये ती भिमाजीलाही ओळखेनाशी झाली. त्याच्या हातचं जेवायची, पण अहो-जाहो करायची.

आणि मार्चअखेरची गोष्ट. कचेरीत अर्जांची गर्दी होती. माणसं रांगेनं कागद देत होती, भिमाजी मान खाली घालून शिक्के मारत होता. मंगळू पाणी ठेवायला गेला होता आणि घाईत कडी लावायची विसरला होता. रांग पुढं सरकली आणि टेबलावर चार घड्या पडलेला, घामानं पिवळा झालेला एक कागद आला. भिमाजीनं वर बघितलं.

भागुबाई हात जोडून उभी होती. डोक्यावरून पदर, पायांत काही नाही.

"साहेब, एक अर्ज हाय," ती म्हणाली.

मागं माणसं होती, शेजारच्या टेबलांवर कारकून होते. मंगळू धावत दारात आला होता आणि तिथंच थबकला होता. भिमाजीला उठून तिला धरून घरी नेता आलं असतं. पण ती रांगेतून आली होती. तिचा नंबर आला होता.

"कशाबद्दल?" त्यानं विचारलं. सगळ्यांना तो हेच विचारायचा.

"माझ्या लेकाची बदली. लांब डोंगरात टाकलाय त्याला. नाशकाला आणा, साहेब. मला आता एकटीला हुईना."

"नाव काय मुलाचं?"

ती थांबली. ओठ हलले. भिमाजी पेन धरून वाट बघत राहिला. त्याला त्या क्षणी नाशिक नको होतं, बदली नको होती, एवढं एक उत्तर हवं होतं. ते आलं नाही.

"चांगला हाय हो माझा लेक," शेवटी ती म्हणाली. "आणि मी परीक्षा दिलीय. ह्ये बघा. पास झालेली हाय मी."

भिमाजीनं वही पुढं ओढली. अनुक्रमांक सहाशे चौदा. अर्जदार, श्रीमती भागुबाई लक्ष्मण दोंदे. विषय, मुलाची विनंती बदली. सहपत्र, एक. अर्ज योग्य मार्गाने आलेला नव्हता, मुळात अर्ज असा नव्हताच, पण ते विचारायची हिंमत त्या दिवशी कचेरीत कुणी केली नाही. शेजारचा कारकून कागदांत तोंड घालून बसला. भिमाजीनं कागदाच्या पाठीवर शिक्का मारला, तारीख टाकली, एका चिठ्ठीवर नंबर लिहून सही केली आणि पोच तिच्या हातात दिली. कागद परत घ्यायला तिनं हात पुढं केला तेव्हा तो म्हणाला, हा आता इथं राहील. तिनं लगेच मान हलवली. साहेबांकडं राहिलेला बरा.

"कधी हुईल, साहेब?"

या प्रश्नाला तो नऊ वर्षं सगळ्यांना एकच उत्तर देत आला होता, विचार करण्यात येईल. ते त्याच्या तोंडातून निघेना.

"होईल," तो म्हणाला. "तुम्ही जपून जा."

तिनं पोच पदराच्या टोकाला बांधली, गाठ दोनदा ओढून बघितली आणि वळली. मंगळूनं तिचा हात धरला. दारातून बाहेर पडताना ती त्याला सांगत होती, लई भला साहेब हाय, माझ्या लेकाच्याच वयाचा आसंल.

भिमाजीनं पुढच्या माणसाचा कागद घेतला.

पंच्याऐंशीच्या ऑगस्टात भागुबाई गेली. पदराची ती गाठ तोवर तशीच होती. लुगडं धुवायच्या आधी भिमाजी गाठ सोडायचा, चिठ्ठी जपून ठेवायचा आणि दुसरं लुगडं नेसवलं की पुन्हा बांधायचा. स्वतःच्या बदलीचा अर्ज करणं त्यानं केव्हाच सोडून दिलं होतं.

त्याच वर्षी डिसेंबरात नाशिकहून तपासणीला साहेब आले. प्रलंबित प्रकरणांची यादी बघताना त्यांचं बोट एका ओळीवर थांबलं. पावणेतीन वर्षं झाली, सहाशे चौदा निकाली का निघालं नाही? अर्जदार कोण?

"वारल्या, साहेब," भिमाजी उभा राहून म्हणाला.

"मग कारणच संपलं. निकाली काढून टाका."

भिमाजी हो म्हणाला. साहेबांनी तपासणीचा शेरा लिहिला, चहा घेतला आणि जीप वणीच्या रस्त्याला लागली.

जानेवारीत नवी वही आली. दर वर्षीसारखा त्यानं पहिल्या पानावर मागील शिल्लक प्रकरणं असा मथळा घातला, पट्टीनं खाली रेघ ओढली आणि पहिल्या ओळीत स्वच्छ अक्षरात सहाशे चौदा हा क्रमांक उतरवून घेतला.